लांब कणसांची पिंपळी

"चला, आता मागची जागा मोकळी झाली. तीन स्कूटर आरामात बसतील."

मी जिन्यात होते. हातात आमचं पातेलं होतं, तेराव्याच्या जेवणासाठी आईने तुमच्याकडे दिलेलं, घासून परत आलेलं. खाली तुमच्या दाराशी सोसायटीचे सेक्रेटरी नाईककाका चपला शोधत होते आणि शोधता शोधता शेजारच्या कुणाला तरी हे सांगत होते. आवाजात वाईट काही नव्हतं. पोटभर जेवलेल्या माणसाचा आवाज होता. आत टीपॉयवर तुमचा फोटो होता, त्याच्यासमोर उदबत्ती, आणि तुमचा मुलगा बंगळूरच्या परतीच्या तिकिटाबद्दल फोनवर बोलत होता.

काकांनी वर पाहिलं. "अगं, बरी भेटलीस! तू नौपाड्यात त्या आर्किटेक्टकडे कामाला आहेस ना? मागच्या पट्टीची मापं घेऊन जरा आखून दे. पेव्हर ब्लॉक कुठून कुठे, स्कूटर कशा लागतील, एवढंच. रविवारी मीटिंग आहे. कागद समोर असला की लोक पटकन हो म्हणतात."

मी म्हटलं, "हो."

मावशी, तेरा दिवस मी तुमच्याबद्दल कुणाशी काही बोलले नव्हते. बोलले तो शब्द हा. म्हणून लिहायला बसलेय.

मराठीत लिहितेय. तुम्ही हसाल. माझं मराठी दुकानांच्या पाट्यांपुरतं आहे, असं तुम्ही माझ्यासमोरच पहिल्या मजल्यावरच्या सावंतकाकूंना सांगितलं होतंत, आणि मी नेहमीसारखी मोबाइलमध्ये बघत राहिले होते. पण इंग्रजीत लिहिलं असतं तर ते कुणाला तरी तुम्हाला वाचून दाखवावं लागलं असतं, आणि मला मध्ये तिसरं माणूस नकोय. 'तुम्ही' म्हणण्यावरूनही तुम्ही मला टोकायचात. "मावशीला कोण अहो-जाहो करतं गं? मी काय तुझी हेडमिस्ट्रेस आहे?" चार वर्षांत ते माझ्याकडून झालं नाही. आता एकदम करायला गेले तर खोटं वाटेल, म्हणून राहू दे.

तुम्ही टेलिफोन ऑपरेटर म्हणून निवृत्त झालात, पण हेडफोन काही डोक्यावरून उतरला नव्हता. सगळ्यांच्या घरातलं सगळ्यांना जोडून द्यायचं, हेच चालू. मला काही विचारलंत आणि मी गप्प राहिले की तुम्ही खिडकीच्या गजावर चमचा वाजवायचात. "हॅलो, हॅलो? लाइन गेली वाटतं." मला त्याचा राग यायचा. आज सकाळी त्या बंद खिडकीवरून जाताना मी पावलं हळू केली. कुणी काही वाजवलं नाही.

त्या पट्टीची गोष्ट मला पहिल्यापासून मांडायची आहे, कारण चूक नक्की कुठे झाली ते मला बघायचंय.

चार वर्षांपूर्वी आपल्या मागच्या प्लॉटवर बावीस मजले उभे राहिले आणि तुमच्या स्वयंपाकघरातलं ऊन गेलं. आधी मोगरा रुसला. मग जास्वंदीने कळ्या गाळल्या. इमारत आणि कंपाउंड यांच्यामधली ती सहा फुटांची पट्टी कायम ओली राहायला लागली, भिंतीला शेवाळ धरलं, वरून टाकीच्या पाइपाचं थेंब थेंब पाणी. सगळे म्हणाले, आता तिथे काही येणार नाही. तुम्ही म्हणालात, "का नाही येणार? आमच्याकडे पोफळीच्या बागेत कुठे ऊन असतं? खाली पिंपळी बघा कशी माजते." आणि गणपतीला गुहागरला भावाकडे गेलात, त्या परत येताना पोफळीच्या विरीत, त्या रुंद सालीत, गुंडाळलेल्या, ओल्या फडक्यातल्या वेलाच्या कांड्या घेऊन आलात.

त्या संध्याकाळी मी ऑफिसातून येत होते. कानात इअरफोन होते. त्यात गाणं नसतं, मावशी, बहुतेक वेळा नसतंच. लोकांनी बोलू नये म्हणून घालते. तुम्हाला त्याने काही फरक पडायचा नाही.

"ए दुसऱ्या मजल्यावरची! तुला वाकता येतं का?"

मी थांबले.

"माझे गुडघे गेलेत. ये इकडे. पर्स ठेव तिथे, कोण नेत नाही."

तुम्ही प्लास्टिकच्या स्टुलावर बसलात आणि मी ऑफिसच्या कपड्यांत मातीत. आधी बिल्डिंग बांधताना पडलेले विटांचे तुकडे वेचायला लावलेत. मग पालापाचोळ्याचं खत, नारळाच्या सोडणाचे तुकडे. गटाराकडे किंचित उतार. "ओल हवी, पण पाय पाण्यात बुडायला नकोत. माणसाचं पण तसंच असतं." मग एकेक कांडी. "दोन पेरं मातीत, एक वर. उलटी लावू नकोस, पाताळात जाईल." मी एक उलटी लावलीच. ती तुम्ही काढली नाहीत. "राहू दे, बघू कुठे निघते ती." ती निघालीच नाही.

पहिल्या वर्षी ती नुसती पसरली. विड्याच्या पानासारखी पानं, त्याहून लहान, जमिनीला चिकटून. प्रत्येक पेराला मुळं फुटत होती, आणि जिथे शेवाळ होतं तिथे हिरवी गादी झाली. तुम्ही म्हणायचात, "तुझ्यासारखी आहे. बोलत नाही, पसरते."

"मी कुठे पसरतेय?"

"तेच ना. तू पसरत पण नाहीस."

मला हसू आलं होतं. तुम्हाला ते दिसलं की नाही, माहीत नाही. मी तोंड फिरवलं होतं.

दुसऱ्या पावसाळ्यात कणसं आली. तुम्ही मला खिडकीतून तीन हाका मारल्यात, चौथ्या मजल्यापर्यंत ऐकू गेलं असेल. "बघ, बघ, करंगळीएवढं एकेक!" लांब, बारीक, पिवळसर. त्या दिवशीच तुम्ही मला कांड्या कशा निवडल्यात ते सांगितलंत. भावाची बायको म्हणत होती, वन्सं, ती कडेची न्या. पण कडेच्या वेलींची कणसं बोटाच्या पेराएवढी, आखूड. तुम्ही एकोणिसाव्या वर्षी गाव सोडलंत, पिंपळी खुडायचं काम पुरुषमाणसांचं. तुम्ही फक्त लहानपणी वाळत घातलेली पाहिलेली. "मी म्हटलं, छे! लहान कशाला न्यायची? लांब कणसांच्या बघून बघून तोडल्या."

कणसं आठ-पंधरा दिवस राहिली, सुकली आणि गळून पडली. फळ धरलंच नाही.

मग तुम्ही कारण शोधायला निघालात. आधी भिंतीचा चुना. मग टाकीच्या पाण्यातलं औषध. मग टॉवरची धूळ. शेवटी सावंतकाकूंच्या वॉशिंग मशीनचा पाइप, जो पट्टीच्या गटारात सुटायचा. तिथे तुमचं बोट थांबलं.

"अहो सावंत, ते तुमचं निळं पाणी माझ्या पिंपळीला मारतंय."

"मग मी काय धुणं धुवायला खाडीवर जाऊ, मावशी? कळव्याला?"

"जा की. वजन तरी कमी होईल."

सुरुवातीला ती गंमतच होती. पण पुढच्या वर्षीही कणसं गळाली आणि गंमत संपली. काकूंनी तुमच्याकडे यायचं बंद केलं. तुम्ही त्यांच्या दारावरून जाताना पदर सावरून सरळ बघत जायला लागलात. काकूंकडच्या मंगळागौरीला सगळी बिल्डिंग होती, तुम्ही नव्हतात. मी वरून खाली येताना पाहिलं, तुमच्या दाराला कडी होती आणि आत रेडिओ चालू होता.

आता ते, जे मी तुम्हाला सांगितलं नाही.

गेल्या वर्षी जूनमध्ये मी त्या कणसांचा फोटो काढून झाडांच्या एका ऑनलाइन ग्रुपवर टाकला होता. एका अनोळखी माणसाने दोन ओळींत उत्तर दिलं. पिंपळीत नर आणि मादी वेली वेगळ्या असतात. लांब, बारीक कणसं नराची. मादीची आखूड, जाड, आणि फळ फक्त तिलाच. तुमच्या सगळ्या नर आहेत.

मी ते ऑफिसात, एका बंगल्याच्या जिन्याचं ड्रॉइंग अर्धवट सोडून, चार वेळा वाचलं. साबण नाही. चुना नाही. तुम्ही निवडून निवडून, लांब बघून, एकूण एक नर आणला होतात. तुमची भावजय बरोबर होती, आणि सावंतकाकूंचं काहीच चुकलं नव्हतं.

सांगायला मी तीनदा तुमच्या दाराशी आले. एकदा तुम्ही झोपला होतात. एकदा तुम्ही काकूंबद्दलच बोलत होतात, इतक्या चिडून की मध्ये बोलायला जागा नव्हती. तिसऱ्यांदा तुम्ही चहा दिलात आणि म्हणालात, "आज काय, आपण होऊन आलीस? लाइन जुळली म्हणायची." त्या आनंदात मी ते सांगू शकले नाही. हे कारण मी स्वतःला दिलं. खरं कारण याहून लहान आहे. तुम्ही हसाल की दुखावाल ते मला कळत नव्हतं, आणि जे पुढे काय होईल कळत नाही ते मी बोलत नाही. शाळेपासून.

त्याऐवजी एका रविवारी कल्याणला गेले, तिथून रिक्षाने मुरबाड रोडवरच्या एका नर्सरीत. औषधी झाडं ठेवणारे एक म्हातारे गृहस्थ आहेत तिथे. मी मादी वेल हवी म्हटलं. त्यांनी विचारलं, "नर आहे का घरी?"

"नरच आहेत. सगळे."

"सगळे? नर कोण मुद्दाम लावत नाही, ताई. मठ काढलाय काय?"

हा विनोद तुम्हाला सांगायला मी परतीच्या वाटेवर किती आतुर होते! डोंबिवली येईपर्यंत तो मनात तीन प्रकारे सांगून झाला. मांडीवर पिशवीत दोन रोपं होती. घरी आले, तुमच्या दाराला कुलूप होतं, तुम्ही पंधरा दिवसांसाठी मुलाकडे गेला होतात. मी रोपं टाकीच्या पाइपाखालच्या कोपऱ्यात लावली, जिथे सगळ्यात जास्त ओल आणि सगळ्यात कमी उजेड असतो. दोन पेरं मातीत. उलटी नाही. ठरवलं, फळ धरलं की सांगेन. फळ समोर असलं की फार बोलावं लागणार नाही.

मग जानेवारीतली सभा आली.

जिन्याखाली प्लास्टिकच्या खुर्च्या, नाईककाकांची वही, बाबा ड्यूटीवर म्हणून त्यांच्या जागी मी. सावंतकाकू उठल्या. मागच्या पट्टीत डास होतात, घुशी येतात, ते रान काढून ब्लॉक टाका. तुमच्याकडे न बघता म्हणाल्या. काकांनी मान डोलावली. तुम्ही खुर्चीच्या पाठीला धरून उभ्या राहिलात.

"रान नाही ते. पिंपळी आहे. औषध आहे. ह्या वर्षी फळ धरेल."

"मावशी, गेल्या वर्षी पण हेच म्हणालेलात," कुणीतरी म्हणालं. लोक हसले.

"माझ्यावर विश्वास नाही ना? ह्या मुलीला विचारा. ती शिकलेली आहे, तिने माझ्याबरोबर लावलीय. सांग गं, धरेल ना फळ?"

सगळे माझ्याकडे बघत होते. हो म्हटलं असतं तर आतापर्यंत का नाही धरलं, हे सांगावं लागलं असतं. सहा महिने मला ते माहीत होतं आणि सावंतकाकू माझ्यासमोर दोन खुर्च्या सोडून बसल्या होत्या. हे सगळं माझ्या डोक्यात एका क्षणात फिरलं, आणि मी ते म्हटलं. तुम्हाला आठवत असेल. मला शब्दशः आठवतं.

"मला काही माहीत नाही. मी फक्त पाणी घालते."

तुम्ही चमचा वाजवला नाहीत. "हॅलो" म्हणाला नाहीत. खाली बसलात. नाईककाकांनी गोड आवाजात तोडगा काढला, "जाऊ दे, मावशी असेपर्यंत राहू दे ती जागा. नंतर बघू." सगळ्यांना ते पटलं. तुम्हालाही विचारलं. तुम्ही म्हणालात, "बरं." वहीत तसं लिहिलं गेलं.

तुमच्या मरणाची वेळ झाल्यावर काय करायचं, ते तुमच्यासमोर बसून ठरलं, मावशी, आणि मी तिथे होते.

त्यानंतर तुम्ही माझ्यावर रागावला असतात तर बरं झालं असतं. तुम्ही रागावला नाहीत. फक्त हाक मारायचं बंद झालं. मी गेटातून यायची, खिडकीत तुम्ही भाजी निवडत असायचात, मान वर करून "आलीस?" म्हणायचात आणि पुन्हा भाजीकडे. पट्टीला पाणी तुम्ही स्वतः घालायला लागलात, तांब्या तांब्याने, भिंतीला धरून. मी दुसऱ्या मजल्यावरच्या खिडकीतून बघायचे आणि पडदा ओढायचे. खाली येऊन तुमच्या हातातून तांब्या घेण्यासाठी मला अठ्ठावीस पायऱ्या उतरायच्या होत्या.

आपलं शेवटचं बोलणं असं झालं. तुम्ही दारात उभ्या. "हे घे, तुझं कुरिअर माझ्याकडे टाकून गेला." मी म्हटलं, "थँक यू, मावशी." त्यात इअरफोनच होते. नवे. चार दिवसांनी सकाळी आईने मला उठवलं आणि म्हणाली, "खाली चल. मावशी गेल्या." मी खाली आले, आणि बायका रडत होत्या, तेव्हा मी तुमच्या गॅसचा नॉब बंद आहे का ते बघत होते. काहीतरी बघायचं होतं.

काल शनिवार. मेजरिंग टेप घेऊन मागे गेले. तुमचा मुलगा परत गेलाय, खिडकी आतून बंद आहे. दोन आठवडे तिथे कुणी पाऊल ठेवलं नव्हतं, पण पावसाने सगळं आपोआप चालू ठेवलंय. लांबी बावीस फूट चार इंच. रुंदी एका टोकाला सहा फूट, दुसऱ्या टोकाला पाच फूट दहा. मी आकडे लिहीत होते. हात नीट चालत होता, त्याची मला लाज वाटली. टेपचं टोक धरायला टाकीच्या पाइपाखाली वाकले.

तिथे फरशीच्या तुकड्यांचं एक गोल आळं होतं, माझ्या दोन वेलींभोवती, व्यवस्थित, एकाला एक लावून. मी ते केलेलं नाही. मातीवर सोडणाचे ताजे तुकडे होते, वरून थेंब थेट मुळाशी पडू नये म्हणून अर्धी करवंटी अडकवलेली होती. आणि पानांच्या खाली, वर तोंड करून, आखूड, जाड, हिरवी कणसं. बोटाच्या पेराएवढी. फळ धरलेली. मी मोजली. सात होती.

मी मातीत बसले. ऑफिसचे कपडे नव्हते, तेवढंच.

"ताई, ओली जमीन आहे, उठ." वरून आवाज आला. सावंतकाकू ग्रिलमध्ये कपडे वाळत घालत होत्या. "मापं घेतेयस? त्या नाईकांना धीर धरवत नाही ना." मग ग्रिलमधून वाकून, "आली का ती?"

"काय?"

"कणसं. कोपऱ्यातली. त्या म्हणायच्या, आषाढ-श्रावणात येतील."

काकूंच्या तोंडात चिमटा होता, तो काढून त्या बोलल्या.

"मार्चमध्ये आल्या की माझ्याकडे आपणहून. मी म्हटलं, आता काय भांडायचं राहिलं? तर म्हणे, सावंत, तुमच्या साबणाचं काही नाही हो. भावजयीला फोन केलेला. मी लांब बघून भुलले. सगळे बाप्येच आणून बसवले." काकू हसल्या आणि हसता हसता डोळे पुसले. "मी तरी पाइप वळवला बघ पलीकडे. कोपऱ्यात तेवढं नको म्हटलं. म्हणाल्या, त्या पोरीने कोपऱ्यात दोन बाया लावून ठेवल्यात गुपचूप. मला वाटतंय तिला माहितीय सगळं."

"मग मला विचारलं का नाही त्यांनी?"

"मी पण तेच म्हटलं. विचारा की तिला. तर म्हणाल्या, नको. ओढून लाइन लागत नाही. तिची ती लागेल तेव्हा लागेल."

काकू आत गेल्या. मी टेप गुंडाळला.

मार्च ते श्रावण. तेवढे महिने तुम्हाला माहीत होतं. तुम्ही रोज खिडकीत बसून मी बोलायची वाट बघत होतात, आणि मी रोज कानात न वाजणारे इअरफोन घालून तुमच्यासमोरून जात होते. "आलीस?" हा प्रश्न होता का, मावशी? मी त्याला नुसतं बोलणं समजत होते. सभेत मी तुम्हाला एकटं पाडलं, आणि त्यानंतर तुम्ही माझ्याच वेलींना आळं केलंत, गुडघे गेलेले असताना, वाकून. मला यावर रडता आलं असतं तर बरं वाटलं असतं. मी आळ्यातला एक निसटलेला तुकडा परत जागेवर लावला.

तुमच्याशी माझा एक वाद अजून राहिलाय. तुम्ही म्हणायचात, काळपट हिरवं झालं की खुडायचं, पिकू द्यायचं नाही. मी म्हणायचे, एक तरी पिकू द्या, कसं दिसतं बघू. तुम्ही म्हणायचात, "बघायला लावलीय काय?" यंदा सातातलं एक मी ठेवणार आहे. तुम्ही नाही म्हणू शकत नाही, हे जिंकणं मला नको होतं.

आज रविवार होता. सभा अकराला. तीच जिन्याखालची जागा, त्याच खुर्च्या, बाबांच्या जागी पुन्हा मी; बाबा घरी होते, मीच म्हटलं, मी जाते. तुमची खुर्ची कुणीतरी नकळत मांडली होती आणि मग तिच्यावर कुणी बसलं नाही. नाईककाकांनी हात पुढे केला. "आण गं कागद."

रात्रभर नाही, सकाळी दीड तासात काढला होता. बावीस फूट चार इंच, सगळं बरोबर प्रमाणात. काकांनी कागद सरळ धरला, मग फिरवला, चष्मा वर केला.

"अगं, छान आहे, पण ह्यात स्कूटर कुठे आहेत? ही नुसती पानं पानं काय काढलीयस?"

कुणीतरी हसलं. कागद पुढच्या रांगेत फिरला. सावंतकाकूंनी तो बराच वेळ हातात ठेवला, कोपऱ्यातल्या गोलावर बोट ठेवून. मी बसूनच उत्तर देणार होते. पण तुम्ही उभ्या राहून बोलला होतात, म्हणून मी उभी राहिले. हात खुर्चीच्या पाठीवर होते.

"लाजू नकोस, बोल," काका म्हणाले.

मी सावंतकाकूंकडे बघितलं.

"जानेवारीत मावशींनी मला विचारलं होतं, फळ धरेल ना. मी म्हटलं, मला काही माहीत नाही. मी खोटं बोलले. मला माहीत होतं. त्यांच्या सगळ्या वेली नर होत्या, म्हणून फळ येत नव्हतं. साबणाने नाही. सॉरी, सावंतकाकू, हे मी तेव्हाच सांगायला हवं होतं. दोन मादी वेली मी लावल्यात, आळं मावशींनी केलंय, आणि फळ धरलंय. ज्याला बघायचंय त्याने आत्ता माझ्याबरोबर मागे चला. आणि काका, वहीत तुम्ही मावशी असेपर्यंत असं लिहिलंय ना? त्याच्याखाली लिहा, मी असेपर्यंत."